सर उत्तर सांगत नसत

सरांच्या तोंडून एखाद्या प्रश्नाचं उत्तर ऐकलंय, असं शपथेवर सांगणारा विद्यार्थी मला अजून भेटायचा आहे. बोईसरच्या ज्या शाळेत मी मराठी शिकवत होते तिथेच ते विज्ञान शिकवायचे. शिकवायचे म्हणजे विचारायचे. वर्गात येऊन फळ्यावर एक प्रश्न लिहायचा, हात मागे बांधून खिडकीशी उभं राहायचं आणि मुलांना बोलू द्यायचं. कुठल्याही उत्तरावर ते “हं” एवढंच म्हणत. बरोबर नाही, चूक नाही, नुसतं “हं”. तास संपला की प्रश्न फळ्यावर सोडून निघून जात. त्यांच्यानंतर बहुधा माझा तास असे, त्यामुळे तो पुसायचं काम माझ्याकडे येई. सृष्टीतली कितीतरी कोडी मी अशी ओल्या फडक्याने निकालात काढली आहेत.

नववीच्या प्रत्येक तुकडीला ते एक प्रश्न हमखास घालत. माणूस म्हातारा का होतो? अभ्यासक्रमात तो नव्हता. परीक्षेतही कधी येणार नव्हता, आणि म्हणूनच मुलं मोकळेपणाने उत्तरं देत.

“खारा वारा लागून, सर,” घिवलीचा एक मुलगा म्हणाला होता. “माज्या बापाची होडीपन तशीच झाली.”

“काम करून करून,” डोंगरातल्या पाड्यावरून येणारी एक मुलगी म्हणाली.

मागच्या बाकावर एक मुलगा होता. त्याचे वडील कारखान्यात होते. तो उभा राहिला आणि म्हणाला, “ओव्हरटाइम से, सर.” वर्ग हसला. सर हसले नाहीत. “हं,” म्हणाले आणि तिन्ही उत्तरं सारख्याच आकाराच्या अक्षरांत फळ्यावर लिहून निघून गेले. त्या दिवशी मी फळा पुसला नाही. कविता तोंडानेच शिकवली.

एकदा शाळा तपासायला एक बडे अधिकारी आले होते. हेच चाललेलं त्यांनी पाऊण तास ऐकलं आणि शेवटी कपाळाला आठ्या घालून विचारलं, “ते ठीक आहे, पण मास्तर, बरोबर उत्तर काय?”

“आपल्याला काय वाटतं?” सरांनी अत्यंत नम्रपणे विचारलं.

अधिकारी बोलायला लागले. त्यांना इतकं काही वाटत होतं हे त्यांचं त्यांनाही ठाऊक नसावं. मधली सुट्टी उलटून गेली. जाताना त्यांनी शेरा मारला की विज्ञान शिक्षकांचं विषयावर असामान्य प्रभुत्व आहे. सर त्यांच्याशी बोलले ते शब्द एवढे तीनच.

मला ही पद्धत तेव्हा फार थोर वाटायची. प्रश्न विचारणाऱ्या माणसाला काय येतं आणि काय येत नाही, हे कुणालाच कळत नाही, ही तिची दुसरी बाजू माझ्या ध्यानात यायला बरीच वर्षं जावी लागली.

सर स्वतः म्हातारपणाला घाबरत. मरणाला नाही, मरणाबद्दल ते गॅस सिलिंडर संपल्यासारखं बोलत. भीती होती ती म्हातारपणाची, आणि तीही एखाद्या साथीच्या रोगाची असावी तशी. त्यांच्या मते हा आजार आतून उगवत नाही, लोक आणून देतात. घिवलीच्या किनाऱ्यावर बोंबील वाळत घालणाऱ्या एका कोळणीला त्यांनी आपला नेहमीचा प्रश्न विचारला होता. ती सरांहून थोरली असावी. हातातलं काम न थांबवता ती म्हणाली, “पाटी मी उचलते तवर मी म्हातारी नाय. सुनेनं खालून हात लावला का झाली.” सरांनी हे मला इतक्या वेळा सांगितलं की मला त्या सुनेचाच राग यायला लागला.

यातूनच त्यांचा खुर्चीचा सिद्धान्त निघाला. “बाई, सांगा बरं,” ते मला विचारत, “आधी गुडघा दुखतो, की आधी खुर्ची पुढे येते?” त्यामुळे कुणी पुढे केलेल्या खुर्चीवर ते बसत नसत. लग्नात उभे, बँकेत उभे, दवाखान्यातसुद्धा भिंतीला टेकून उभे. बाजारात एक मासेवाली “बाबा, तुमी बसा, मी साफ करून देते,” असं मायेने म्हणाली, तर घेतलेली सुरमई तिथेच सोडून घरी आले. मी केस रंगवायचे. त्याला ते ‘उत्तरपत्रिकेत खाडाखोड’ म्हणत. स्वतःचे पांढरे केस मात्र ते बिनदिक्कत मिरवत. पांढऱ्या केसांवरून कुणी आजोबा म्हटलं की त्याच्याकडे असं बघत, की तो बिचारा आपलं काहीतरी सांडलं की काय म्हणून खाली बघे.

त्यांच्या निवृत्तीचा समारंभ गावाने अजून विसरलेला नाही. प्रमुख पाहुणे आमच्या भागातले एक पुढारी होते. ज्ञानाचा वटवृक्ष, अनुभवाची शिदोरी, तृप्त संध्याकाळ, असा सगळा ठेवणीतला माल त्यांनी काढला. सर उठले आणि म्हणाले, “वडाच्या सावलीत दुसरं झाड वाढत नाही, हे आपण कोणत्या इयत्तेत शिकवतो?” मुलं ओरडली, “सातवीत!” मग शालीची वेळ आली. सरांनी शाल पाहुण्यांच्या हातातून घेतली, नीट उलगडली आणि पाहुण्यांच्याच खांद्यावर घातली. “आपल्याला अधिक गरज दिसते,” म्हणाले. पाहुण्यांनी सवयीने हात जोडले, मान लववली, फोटोही निघाला. आपण सत्कार करायला आलो होतो हे त्यांना मोटारीत बसल्यावर आठवलं असावं.

मीही पुढे निवृत्त झाले. आमची आणि सरांची घरं एकाच गल्लीत, समोरासमोर. दर वर्षी हयातीचा दाखला द्यायला आम्ही दोघं पालघरला जात असू. आपण जिवंत आहोत यावर दुसऱ्याची सही लागते, ही गोष्ट सरांना फार आवडे. एकदा असेच एसटीने परत येताना एक कॉलेजातली मुलगी उठली आणि सरांना म्हणाली, “आजोबा, बसा ना.” सरांनी घंटीची दोरी ओढली आणि पुढच्याच थांब्यावर, उमरोळीला, उतरले. त्यांना एकटं कसं सोडायचं म्हणून मीही उतरले. दुसरी गाडी कधी येईल याचा पत्ता नव्हता. भर दुपारी रस्त्याकडेच्या एका शिरीषाखाली आम्ही उभे राहिलो. अर्थात उभेच, कारण चहाच्या टपरीवाल्याने बाक दाखवला होता.

तिथे त्यांनी मला वडिलांची गोष्ट सांगितली.

त्यांचं गाव सफाळ्याच्या आतल्या अंगाला, भातशेतीचं. वडील उतारवयात ओट्यावर बसायचे आणि येणाऱ्याजाणाऱ्याला विचारायचे, “तू कोनाचा रं?” गावातले सगळेच म्हातारे असं विचारतात. पोरं आपापल्या बापाचं नाव सांगून पुढे जात. शेजारी सांगत, नातेवाईक सांगत. एक दिवस सर सुट्टीसाठी घरी आले. हातात पिशवी, पायरीवर पाय. वडिलांनी त्याच आवाजात, त्याच हसऱ्या तोंडाने विचारलं, “तू कोनाचा रं?”

“मी हसलो,” सर म्हणाले. “मला वाटलं, थट्टा करतायत. मग त्यांचे डोळे बघितले.” रस्त्यावरून रसायनाचा एक टँकर गेला, तो जाईपर्यंत ते थांबले. “आता सांगा, बाई. ते कधी विसरले? त्या दिवशी? की वर्षभर आम्ही सगळे त्यांना नावं सांगत होतो, तेव्हाच?”

मी “हं” म्हणाले. सरांनी चमकून माझ्याकडे पाहिलं. पण त्या वेळी त्यांना हसू आलं नाही.

सर अविवाहित. घरात त्यांची थोरली बहीण, अक्का. त्या लवकर विधवा होऊन माहेरी आल्या आणि सरांना बोईसरला नोकरी लागली तेव्हा त्यांच्याबरोबर इथे आल्या. शाळेत गेल्या नव्हत्या. सरांना अरेतुरे करणारं जगात एवढंच एक माणूस होतं. सरांच्या सिद्धान्तांना अक्का जुमानत नसत. खुर्ची आली की बसत, कुणी पिशवी धरली की देऊन टाकत आणि वर म्हणत, “धरतोय तर धरू दे की. माजं काय झिजलं?”

सरांच्या व्हरांड्यात माझा सकाळचा दुसरा चहा असे. पहिला घरी, यजमानांबरोबर, न बोलता. त्या व्हरांड्यातच मी अक्काची परीक्षा बघितली.

अक्का भाजी निवडत बसलेल्या. सर आरामखुर्चीत. ती त्यांची स्वतःची, कुणी पुढे न केलेली, म्हणून चालत असे.

“अक्का, आज वार कोणता?”

“बुधवार.”

“महिना?”

“माघ लागला काल.”

“दुपारी कुठे जायचंय?”

“दात दाखवाला.”

“कुणाचे?”

“तुजे. माजे हायेत कुठे आता?”

“बरोबर,” सर म्हणाले आणि माझ्याकडे वळले. “अक्काची स्मरणशक्ती तपासत असतो. या वयात रोज तपासावी लागते.”

मला गहिवरून आलं. शिक्षक घरी आला तरी शिक्षकच राहतो, भाऊ असावा तर असा, वगैरे विचार मनात आले. एरवी असले विचार दुसऱ्या कुणी बोलून दाखवले की मी विषय बदलते. मी हा प्रकार गल्लीत सांगितला. त्या वर्षी आमच्या गल्लीतल्या बऱ्याच सासवांना रोज सकाळी वार सांगावा लागला. त्यातल्या एकीने सुनेलाच उलट विचारलं, “तुला म्हाईत नाय तर मोबाइलमध्ये बघ की.”

एक गोष्ट तेवढी मला खटकायला हवी होती. सर हल्ली “बरोबर” म्हणायला लागले होते. अक्कांनी काहीही सांगितलं तरी “बरोबर”. मी मनाशी म्हटलं, वय झालं की माणूस मऊ होतो. आयुष्यभर मराठी शिकवून मला एवढाच अन्वय लावता आला.

पुढे एकदा अक्का दोन-तीन दिवस सफाळ्याला निघाल्या. भाचीच्या मुलीचं लग्न होतं. सर येणार नव्हते. लग्नात खुर्च्या फार. निघण्याआधी अक्का माझ्याकडे आल्या. पायरीवरच उभ्या राहिल्या.

“बाई, सकाळी चहाला जावा तुमी. डबा तो वानी देईल, ते सांगितलंय. तुमी फक्त जावा. तो काय इचारील ते सांगा.”

“माझी परीक्षा का?” मी हसून म्हटलं.

अक्का हसल्या नाहीत. “नीट बघून सांगा हां. उगा तोंडाला येईल ते नको.”

गंमतच वाटली मला. परीक्षार्थी गावाला चालली म्हणून बदली परीक्षार्थी ठेवून जाते आहे, असं मी यजमानांना सांगितलं आणि आम्ही दोघंही हसलो.

निवृत्तांच्या घरात वार कसा कळतो हे निवृत्त झाल्याशिवाय समजत नाही. आमच्याकडे तो कामवालीवरून कळे. तिची सुट्टी शुक्रवारी. दुसऱ्या दिवशी सकाळी ती आली नव्हती, भांडी तशीच पडली होती. मी समोर गेले. सर आरामखुर्चीत वाट बघत बसले होते. चहा त्यांनीच केला होता, त्यात साखर नव्हती.

“बाई, आज वार कोणता?”

“शुक्रवार,” मी ठणकावून सांगितलं.

“बरोबर,” सर म्हणाले.

तो गुरुवार होता. कामवालीच्या मुलाला ताप आला होता.

शुक्रवारी सरांना घिवलीला जायचं असे. त्यांचा एक जुना विद्यार्थी रिक्षा चालवतो. तो दर शुक्रवारी दुपारी त्यांना किनाऱ्यावर नेई, तासभर फिरवून परत आणी. गुरुवारी तो कशाला येईल? सरांनी बूट घातले, फाटकाशी उभे राहिले. समोरच्या वाण्याने ते बघितलं. नंतर केव्हातरी फाटक उघडं दिसलं आणि सर नव्हते. फोन टेबलावर होता.

हे मला कळलं ते चार वाजता, वाणी विचारायला आला तेव्हा. “बाई, सर तुमच्याकडे आहेत का?” आणि त्याच वेळी मागच्या दाराने कामवाली आत आली आणि म्हणाली, “उद्या शुक्रवारची सुट्टी नको मला, आज बुडवली ना.” मी हातातला कप खाली ठेवला. आधी वाटलं, चुकीचा वार सांगितला, त्यात एवढं काय? माझा चुकला असेल, पण सरांना तर माहीत असणार. त्यांनी तर “बरोबर” म्हटलं होतं.

मग उमरोळीच्या शिरीषाखाली ऐकलेली त्यांच्या वडिलांची गोष्ट आठवली आणि मी फोन शोधायला लागले.

रिक्षावाल्याला फोन केला, तो तसाच आला. आम्ही घिवलीच्या रस्त्याने निघालो. वाटेत सगळी औद्योगिक वसाहत लागते. पाळी सुटायची वेळ होती, रस्ताभर माणसं. रिक्षावाला एकेकाला हिंदीत विचारत होता, पांढरे केस, पायात बूट, मास्तरसारखे. मी बाहेर बघत होते आणि प्रत्येक पांढऱ्या डोक्यापाशी रिक्षा हळू करायला सांगत होते. त्या रस्त्यावर किती म्हातारी माणसं एकटी चालत असतात ते मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं. त्यांतल्या कुणाकुणाला घर माहीत होतं कोण जाणे.

सर सापडले एका कारखान्याच्या फाटकाशी. आणि ते खुर्चीवर बसले होते. लाल प्लास्टिकची खुर्ची, शेजारी स्टुलावर चहाचा कप आणि बिस्किटं. समोर सुरक्षारक्षक, आणि त्याच्या बाजूला गळ्यात ओळखपत्र लटकवलेले एक साहेब. साहेबांच्या कपाळावर घाम होता.

“मॅडम, आप इनके साथ हैं?” रक्षक धावत आला. “दोपहर से बैठे हैं. आते ही पूछा, बताओ, यहाँ क्या बनता है? फिर पूछा, ये रास्ता कहाँ जाता है? हमको लगा कोई बड़े इन्स्पेक्टर हैं, ऐसे ही टेस्ट ले रहे हैं. तो साहब को बुलाया.”

साहेब मला बघून पुढे झाले. “मॅडम, आम्ही सगळं दाखवलंय सरांना. काही राहिलं असेल तर विचारा.” न विचारलेलंही त्यांनी बरंच सांगून टाकलं असावं. एरवी या गोष्टीवर मी महिनाभर हसले असते.

मी सरांच्या पुढ्यात जाऊन उभी राहिले. त्यांनी वर पाहिलं. ओळख होती, पण पाण्याखालून यावी तशी सावकाश आली. दोन्ही हातांनी त्यांनी खुर्चीचे हात धरून ठेवले होते.

“सांगा बरं, बाई,” सर म्हणाले. आवाज वर्गातलाच होता. “आता आपण कुठे जायचं?”

इतकी वर्षं ज्या सुरात मी त्यांचे प्रश्न ऐकले तोच सूर, तीच भुवई. पण त्यांना उत्तर हवं होतं. नुसतं हवं नव्हतं. ते मिळाल्याशिवाय त्यांना उठता येत नव्हतं. अक्काची परीक्षा कधी नव्हतीच. रोज सकाळी एक माणूस आपल्या बहिणीकडून आजचा दिवस मागून घेत होता.

“घरी,” मी म्हटलं.

“बरोबर,” सर म्हणाले आणि उठले. रिक्षात शिरताना मी त्यांच्या कोपराला हात दिला. त्यांनी झिडकारला नाही, याची मला जास्त भीती वाटली.

अक्का शनिवारी आल्या. वाण्याने त्यांना सगळं आधीच सांगितलेलं होतं. त्या मला बोलल्या नाहीत. पाट ओढून बसल्या, लग्नातले लाडू पुढे ठेवले.

“तुम्हाला माहीत होतं,” मी म्हटलं.

“तो बरोबर म्हनाला लागला, तवाच कळलं. लहानपनी कवा कुनाला बरोबर म्हनलाय तो?”

“त्यांना माहीत आहे का, की तुम्हाला माहीत आहे?”

आतल्या खोलीत सर झोपले होते, तिकडे अक्कांनी एकदा बघून घेतलं.

“बाचं तसं झालं ना बाई, तवा आमी सगळ्यांनी मिळून त्याला सांगितलं. बा, तू इसरतोस. ह्याला ओळखला नाय, त्याला ओळखला नाय. डाक्टर आनला. सगळा गाव बघाला आला. बा सगळ्यांच्या तोंडांकडं बघत ऱ्हायला. त्या दिवसापासून बोलला नाय. जेवला, झोपला, पन बोलला नाय. आट महिने.” त्यांनी पदराने तोंड पुसलं. “म्हनून याला सांगाचं नाय. तो इचारतो, मी सांगते. तो बरोबर म्हनतो. चाललंय.”

“आणि तुम्ही नसाल तेव्हा?” मी विचारलं.

“माजंच तर भ्या हाय,” अक्का म्हणाल्या. “मी थोरली. रीतीनं मी आदी जानार. मग त्याला वार कोन सांगल?” आणि मग, जणू बसमध्ये जागा नाही अशा सुरात, “मला मराला सवड नाय, बाई.”

त्या दिवसापासून मी सकाळी पेपर बघूनच समोर जायला लागले. वार, तारीख, तिथी. चार वेळा वाचायची आणि रस्ता ओलांडताना पुटपुटायची. यजमान दारातून बघत असत. एकदा त्यांनी विचारलं, “तुझं ठीक आहे ना?” मी चिडले. नंतर आरशासमोर उभी राहून बराच वेळ आठवत बसले, की त्या गुरुवारी मी खरंच कामवालीमुळे फसले होते, की मला माहीतच नव्हतं? कुणी अचानक प्रश्न विचारला की आता मला आधी घाम फुटतो. उत्तर येत असलं तरी फुटतो.

अक्कांना सवड मिळाली ती दिवाळीनंतर. छातीत कळ आली, पालघरला नेईपर्यंत संपलं होतं. सरांनी सगळं केलं. भटजी सांगतील तसं, न चुकता. सर किती खंबीर आहेत, असं जमलेल्या लोकांनी एकमेकांना सांगितलं. सफाळ्याहून त्यांचा पुतण्या आणि त्याची बायको राहायला आली. भली माणसं. पुतण्याने मला बाजूला घेऊन सांगितलं, “बाई, काकांनी विचारलं तर आत्या गावाला गेलीय म्हणून सांगा. आमचं तसं ठरलंय.” अक्कांनीही हेच केलं असतं, असं मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पेपर बघून गेले. सर आरामखुर्चीत होते. वार विचारला, मी सांगितला. “बरोबर.” महिना विचारला. “बरोबर.” मग त्यांनी स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं.

“अक्का कुठे आहे?”

“सफाळ्याला,” मी म्हटलं. “लग्नाला गेल्या आहेत.”

सर माझ्याकडे बघत राहिले. वर्गात एखादा मुलगा दुसऱ्याच्या वहीतून उतरवून आणायचा, तेव्हा ते असे बघत.

“चूक,” सर म्हणाले.

इतक्या वर्षांत मी तो शब्द त्यांच्या तोंडून ऐकला नव्हता. पुतण्याची बायको आतून पदर तोंडाला लावून बघत होती. मी कप खाली ठेवला आणि खरं ते सांगितलं. छातीत कळ, पालघर, घाट. सरांनी सगळं ऐकून घेतलं. त्यांचा चेहरा हळूहळू मोडत गेला, मग त्यांनी तो दोन्ही हातांनी झाकला. बऱ्याच वेळाने हात काढून त्यांनी चहा संपवला.

पुढच्या सकाळी त्यांनी वार विचारला, महिना विचारला, आणि विचारलं, “अक्का कुठे आहे?”

मला खोटं बोलण्याची छाती नव्हती. मी परत सांगितलं. त्यांनी परत पहिल्यांदा ऐकलं.

असं रोज. पुतण्या माझ्यावर रागावला, मग रडला. मी रस्ता ओलांडताना देवाला म्हणायची, आज तेवढं त्यांनी विचारू नये. परत येताना वाटायचं, निदान विचारतायत.

थंडी सरत आली होती. एका सकाळी मी गेले. सरांनी वार विचारला. मी सांगितला. महिना विचारला. मी सांगितला. “बरोबर,” म्हणाले आणि त्यांनी चहाचा कप उचलला. मी पदर सावरून बसले, सांगायची तयारी करून. त्यांनी एक घोट घेतला, दुसरा घेतला, रस्त्यावरून शाळेला निघालेली पोरं बघितली. स्वयंपाकघराच्या दाराकडे त्यांची नजर गेली आणि तशीच पुढे भिंतीवरून फिरून रस्त्यावर आली. चहा संपला. मी थांबले होते. त्यांनी काही विचारलं नाही.